पाण्यावरचा कवडसा

“मला चित्र दाखवू नका. दिसत नाही. आकडे वाचा.”

व्हिडिओ कॉलवरचे आजोबा म्हणाले. सकाळचे अकरा वाजले होते. दुबई सिलिकॉन ओएसिसमधल्या आमच्या ऑफिसची ग्रेडिंग रूम. मी कन्सोलवर, डाव्या हाताला माझा बॉस फादी, मागच्या सोफ्यावर क्लायंट मरियम. भिंतीवरच्या मोठ्या मॉनिटरवर आमचं सहा आठवड्यांचं काम, एक जुनी फिल्म, थांबवून ठेवलेलं. आणि बाजूच्या लॅपटॉपमध्ये, जर्मनीतल्या कुठल्याशा लहान गावातल्या स्वयंपाकघरात बसलेले हाइनर व्रेडे, वय सत्त्याऐंशी. त्यांच्या शेजारी त्यांची मुलगी उल्रिके. तिच्या हातात एक जुनी वही होती, कडा तेलकट झालेली.

व्रेडे हे त्या फिल्मचे दिग्दर्शकही आणि कॅमेरामनही. त्यांनी हो म्हटल्याशिवाय फिल्म फायनल करायची नाही, हे मरियमने काँट्रॅक्टमध्येच घातलं होतं. पण त्यांच्या नजरेचा मधला भाग गेलेला. कडेचं थोडंफार दिसतं, समोरचं नाही. अशा माणसाने रंग कसे पास करायचे, हे मला कळत नव्हतं. खरं सांगायचं तर मला जरा हायसंच वाटलं होतं. कॅमेरामन जमात फार किटकिट करते. म्हटलं, आजोबा ‘छान, छान’ म्हणतील आणि आपण जेवायला मोकळे.

माझा धंदा दोन वाक्यांत सांगतो. जुनी फिल्म स्कॅनरमधून जाते, तिच्या प्रत्येक फ्रेमचा डिजिटल फोटो निघतो. मग मी, म्हणजे कलरिस्ट, त्या फोटोंतले उडालेले रंग आणि बिघडलेला उजेड ताळ्यावर आणतो, यालाच ग्रेडिंग म्हणतात. आता आकडे म्हणजे काय? आमच्या सिस्टीममध्ये चित्रातल्या प्रत्येक ठिपक्याच्या उजेडाला एक आकडा असतो. शून्य म्हणजे ठार काळं, एक हजार तेवीस म्हणजे पांढरंफटक. चित्रावर कुठेही पॉइंटर ठेवला की तिथला आकडा दिसतो. आम्ही ते बघतो, पण कोणी ते ऐकून चित्र बघेल असं मला स्वप्नातही वाटलं नव्हतं.

“शॉट एकतीस,” उल्रिकेने वहीतून वाचलं. “बोगदा. सालेम अंधारातून येतो.”

ही फिल्म अल ऐनच्या फलजांवर आहे. फलज म्हणजे जमिनीखालून पाणी आणणारा पाट. डोंगराच्या पायथ्यापासून खजुराच्या बागांपर्यंत बोगदा खणलेला असतो आणि मध्ये मध्ये वर उघडणारी विहिरीसारखी भोकं असतात. गाळ साठला की माणसं त्या भोकांतून खाली उतरून बोगदा साफ करायची. व्रेडे यांनी ती माणसं चित्रित केली, साठेक वर्षांपूर्वी. एकेचाळीस मिनिटांची रंगीत फिल्म. जगात तिची एकच प्रत होती, आणि ती आमच्याकडे येईपर्यंत आंबली होती. आंबणं हे आमच्याकडे शब्दशः होतं. जुन्या फिल्मचा पट्टा कुजायला लागला की डबा उघडल्यावर व्हिनेगरचा भपका येतो, पट्टा आक्रसतो, ठिसूळ होतो. म्हणून आधीच ठरलं होतं की स्कॅनरमधून एकदाच काढायची. दुसऱ्यांदा ती टिकेल याची खात्री नाही.

मरियमला यातलं काय हवं होतं तेही सांगायला हवं. ती अल ऐनची, पेशाने आर्किटेक्ट. तिच्या आईचे वडील, खलफान, या फलजांवर काम करायचे. मरियमची आई दोन वर्षांची असताना ते गेले. त्यांचा एकही फोटो नाही. घरात एवढंच माहीत होतं की एका जर्मन माणसाच्या फिल्ममध्ये ते आहेत. त्या एका वाक्यावरून मरियमने तीन वर्षं शोधून व्रेडेंना गाठलं, त्यांच्या माळ्यावरचा डबा दुबईत आणला आणि हा खर्च उचलला. उल्रिकेने तिला ईमेलवर कळवलं होतं, “हो, खलफान बोगद्याच्या प्रसंगात आहे.” आता बोगद्यातल्या पाच जणांपैकी तिचे आजोबा कोण, हे तिला याच कॉलवर विचारायचं होतं.

“सालेम दूर आहे तेव्हा त्याच्या गालावर किती?” व्रेडेंनी विचारलं.

मी पॉइंटर ठेवला. “दोनशे दहा.”

“मागच्या भिंतीवर?”

“एकशे नव्वद. भिंत अगदी छान दिसतेय, सर. मातीचे थर, कुदळीचे व्रणसुद्धा.” मी हे अभिमानाने सांगितलं. ती भिंत काढायला मला दोन दिवस लागले होते.

“त्या बोगद्यात भिंत दिसत नव्हती,” ते म्हणाले. “बरं. सालेम भोकाखाली आला. आता गालावर किती?”

“सहाशे वीस.”

उल्रिकेने वहीतलं पान, शूटिंगच्या वेळी मापलेल्या उजेडाच्या नोंदींचं, त्यांना जर्मनमध्ये वाचून दाखवलं. त्यांनी डोळे मिटून ओठांतल्या ओठांत काहीतरी मोजलं. महिन्यापूर्वी त्यांची एक ईमेल आली होती: रिळाच्या सुरुवातीला मी उजेडाचं माप ठरवायचं एक राखाडी कार्ड धरलं आहे, त्यावर तुमच्याकडे किती आकडा येतो? मी तो सहज कळवून टाकला होता. आता माझ्या लक्षात आलं की त्या एका आकड्यावरून या माणसाने आपल्या वहीतली प्रत्येक नोंद आमच्या मापात बसवून ठेवली होती, तीही न बघता.

“चारशे हवा,” ते म्हणाले. “फार तर चारशे दहा. सालेम काळा माणूस होता. तुम्ही त्याला गोरं का केलंत?”

आवाजात राग अजिबात नव्हता, नुसता प्रश्न होता. फादी मध्ये पडला, “सर, लुक, तो फक्त थोडा क्लीन केलाय, फेस नीट दिसावा म्हणून.” व्रेडेंनी त्याच्याकडे लक्षच दिलं नाही.

“सालेमच्या पायाशी पाण्यावर कवडसा पडला आहे. त्यात किती?”

“एक हजार तेवीस.”

“मध्यभागी?”

“एक हजार तेवीस.”

“डाव्या कडेला?”

मी पॉइंटर कवडशाभर फिरवला. सगळीकडे तोच आकडा. “तेच, सर. पांढरं आहे. ऊन आहे ते.”

“नाही,” व्रेडे म्हणाले. “तिथे खलफान आहे.”

मागे सोफा करकरला. मरियम उठून उभी राहिली होती.

मग त्यांनी सांगितलं. बोगद्यात दिवे न्यायची सोय नव्हती. जनरेटर नव्हता. म्हणून त्यांनी तुपाचा मोठा डबा कापून, ठोकून त्याचा पत्रा सपाट केला. वर भोकाच्या तोंडाशी खलफान तो पत्रा धरून उभा राहायचा आणि ऊन खाली बोगद्यात पाडायचा. सूर्य सरकला की पत्रा सरकवायचा. पूर्ण फिल्मभर बोगद्यात जो उजेड आहे तो खलफानच्या हातातला आहे. तालीम करताना खलफान पत्रा जरा बाजूला करून वरून वाकला, खाली जर्मन माणूस ठीक आहे ना ते बघायला. पत्रा हलल्यामुळे व्रेडे चिडले. ओरडणार तेवढ्यात त्यांना पाण्यात त्याचा चेहरा दिसला.

“मग मी त्याला म्हटलं, पुन्हा तसंच वाक,” व्रेडे म्हणाले. “आणि तो चेहरा पाण्यात नीट यावा एवढाच उजेड लेन्समधून आत घेतला. बाकी सगळं काळं पडलं. पडू दिलं.”

एकोणीस सेकंदांचा शॉट, आणि तो सबंध एका प्रतिबिंबासाठी मापून घेतलेला. ते ऐकताना मला माझ्या खुर्चीची लाज वाटली.

आता माझी चूक सांगतो. ती नुसती ग्रेडिंगमधली असती तर दहा मिनिटांत सुधारली असती. चूक स्कॅनिंगमध्येच झाली होती. स्कॅनरला एक दिवा असतो, तो कमीजास्त करता येतो. बोगद्याचं रीळ फार काळपट आहे असं बघून मी दिवा वाढवला. चेहरे उजळले, भिंत दिसली आणि कवडसा जळाला. जळाला म्हणजे त्या जागी स्कॅनमध्ये नुसतं पांढरं उरलं, आत काही माहितीच नाही. काळपट चित्रातून पुष्कळ काही बाहेर काढता येतं. पांढऱ्यातून काहीही निघत नाही. हे मी नव्या मुलांना शिकवतो.

दिवा का वाढवला, त्याचं कारण माझ्या हाडात आहे. माझी सुरुवात अंधेरीतल्या फिल्म लॅबमध्ये झाली. तिथे प्रिंटचा उजेड पॉइंटमध्ये मोजायचे. प्रोड्यूसर मागे उभा राहायचा आणि म्हणायचा, “हिरॉइनला दोन पॉइंट वर घे रे.” कधी हिरोलाही. नंतर कोणी म्हणायचीही गरज उरली नाही. चेहरा आला की दोन पॉइंट, काळासावळा आला की चार. दुबईत आल्यावर जाहिराती केल्या, लग्नाच्या फिल्म केल्या, तिथेही तेच. कोणी कधी तक्रार केली नाही. उलट, नवरीच्या आईने मिठाई पाठवली आहे. वीस वर्षांत मला एकदाही असं वाटलं नाही की मी काही ‘करतो’ आहे. मला वाटायचं मी फक्त नीट करतो.

कॉल संपल्यावर फादी माझ्यामागे पॅन्ट्रीत आला.

“प्रसाद, हबीबी, आता काय? परत स्कॅन?”

“दुसरा उपाय नाही.”

“आणि तुटली तर? वन अँड ओन्ली कॉपी! लोक म्हणतील फादीच्या लॅबने फिल्म मारली. आजोबांना सांग सॉरी, टेक्निकल लिमिटेशन. खलास.”

“लिमिटेशन नाहीये, फादी. मी चुकलोय.”

“ते मला कळलं. त्यांना कशाला कळवायचं?”

“त्यांना आपल्याआधी कळलंय.”

फादीने कॉफीचा कप तसाच सिंकमध्ये ठेवला आणि निघून गेला. त्याचं चूक नव्हतं. त्या पट्ट्याची अवस्था मीही बघितली होती.

त्या संध्याकाळी बर दुबईला घरी जेवताना मी हे सगळं सांगितलं. बायको ऐकत होती. माझी मुलगी ईरा सोळा वर्षांची आहे, जेवताना तिचं अर्धं लक्ष फोनमध्ये असतं. ती वर न बघता म्हणाली, “बाबा, यू ऑलवेज डू दॅट. माझ्या बर्थडेचे सगळे फोटो तू तसेच करतोस. आय डोन्ट लुक लाइक मी.”

“अगं, ते लाइट नीट नसतो म्हणून.”

“लाइट इज फाइन, बाबा. इट्स मी.”

ईरा माझ्यासारखी सावळी आहे. बायको ताटाकडे बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी उल्रिकेला फोन केला. म्हटलं, पुन्हा स्कॅन करताना तो शॉट तुटू शकतो, कायमचा जाऊ शकतो. तुमच्या वडिलांना नीट विचारा. तिने फोन स्पीकरवर टाकला आणि त्यांना विचारण्याआधी मला एक गोष्ट सांगायला लागली. वडील स्वतः कधी कोणाला सांगणार नाहीत, म्हणून मी सांगते, असं म्हणाली.

व्रेडे एका इंजिनियरिंग कंपनीच्या फिल्म विभागात नोकरीला होते. पंप कसा बसवावा, धरणाचा दरवाजा कसा उघडावा, सिमेंट कसं कालवावं अशा ट्रेनिंग फिल्म ते करायचे. चाळीसच्या वर फिल्म केल्या. एकीवरही त्यांचं नाव नाही, फक्त कंपनीचं. आखातात ते बोअरवेलची फिल्म करायला आले होते. कॅमेऱ्यात फिल्मचं रीळ घातलं की शेवटी थोडा तुकडा न वापरलेला उरतो, कधी वीस सेकंदांचा, कधी दहा. असे तुकडे टाकून देतात. व्रेडे ते बिस्किटांच्या डब्यात साठवायचे आणि शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, अल ऐनला जाऊन फलजावर वापरायचे. दोन हिवाळे हे चाललं. म्हणून त्या एकेचाळीस मिनिटांत एकही शॉट अर्ध्या मिनिटाच्या वर नाही. मी सहा आठवडे ती फिल्म बघत होतो आणि मला वाटत होतं की ही या माणसाची स्टाइल आहे.

परत गेल्यावर त्यांनी फिल्म टेलिव्हिजनवाल्यांना दाखवली. त्यांना आवडली. फक्त म्हणाले, बोगदा फार काळा आहे, प्रिंट उजळ करून द्या, लगेच दाखवू. पुढे कामही देऊ. व्रेडे म्हणाले, उजळ केली तर माणूस जाईल. ते म्हणाले, कुठला माणूस? व्रेडेंनी डबा उचलला आणि घरी आले. पुढची पंचवीस वर्षं त्यांनी पंपांच्या फिल्म केल्या.

ज्या एका गोष्टीला नकार देऊन या माणसाने टेलिव्हिजनचं करिअर सोडलं, ती मी त्यांना न विचारता, सवयीने करून टाकली होती. अशा माणसाच्या फिल्मला हात लावायची माझी लायकी आहे का, असं वाटलं.

मागून व्रेडेंचा आवाज आला. “मिस्टर प्रसाद, तुटली तर तुटली. चुकीच्या उजेडातली फिल्म माझ्या काय कामाची? करा तुम्ही.”

“सर, माझ्याकडूनच चूक झाली होती. दुसरा कोणी हवा असेल तर—”

“तुम्हाला आता माहीत आहे की तिथे काय आहे,” ते म्हणाले. “दुसऱ्याला पुन्हा सगळं सांगावं लागेल.”

आता काम. फिल्म स्कॅनरमधून पळवायची नाही, हे नक्की. सुदैवाने व्रेडेंची गरिबी आमच्या मदतीला आली. प्रत्येक शॉट उरलेल्या तुकड्यावर घेतलेला, म्हणून प्रत्येक शॉटच्या दोन्ही टोकांना जोड होता. मी शॉट एकतीसचे दोन्ही जोड उघडले आणि तेवढाच पट्टा वेगळा काढला. हातभर लांबीचे आठ-दहा पट्टे एकापुढे एक ठेवले तर जेवढे होतील तेवढा. चारशे पंचाहत्तर फ्रेम. एक फ्रेम म्हणजे करंगळीच्या नखाएवढी. दोन काचांमध्ये एक फ्रेम सपाट धरायची, खालून उजेड, वरून कॅमेरा. प्रत्येक फ्रेमचे दोन फोटो: एक अंधारासाठी, एक कवडशासाठी. मग काच उचलायची, पट्टा एक फ्रेम पुढे सरकवायचा, काच ठेवायची.

मी हातमोजे घातले, फोन बाहेर ठेवला आणि सुरू केलं. दिवसाला दीडशे फ्रेम जमायच्या. पाठ धरायची. फादी तासातासाने दारातून डोकावून जायचा. दुसऱ्या दिवशी दुपारी काच ठेवताना टक्‌ असा आवाज झाला. भिंगातून बघितलं. पट्टा ओढणारे दाते अडकतात त्या कडेच्या भोकापासून चीर निघाली होती आणि फ्रेमच्या रेषेवर येऊन थांबली होती, चित्रापासून केसभर अंतरावर. मी बाहेर जाऊन दहा मिनिटं जिन्यात बसलो. परत आल्यावर बघतो तर फादी माझ्या स्टुलापाशी हातमोजे घालून उभा.

“तू काच उचल. मी पट्टा धरतो,” तो म्हणाला. “यल्ला, चल.”

मालकाने असं काम केलेलं मी त्या ऑफिसात प्रथमच बघितलं. उरलेल्या फ्रेम आम्ही दोघांनी काढल्या.

तिसऱ्या दिवशी चार वाजता मी सगळे फोटो ओळीने लावून चालवले. सालेम नव्हता, भिंत नव्हती, नुसता काळोख आणि पाण्याचा आवाज. मूळ आवाजाची टेप चांगली होती. मग दूर काहीतरी हललं. ते डोकं आहे हे कळायला वेळ लागला. सालेम एकेक पाऊल टाकत भोकाखाली आला तेव्हा कुठे त्याचा गाल दिसला, खांदा दिसला, कुदळीचं टोक चमकलं. माझ्या उजळ चित्रात तो पहिल्या सेकंदापासून दिसत होता आणि म्हणून तो येतोय असं कधी वाटलंच नव्हतं. इथे तो खरंच येत होता. मग पाण्यावरचा कवडसा थरथरला, एका बाजूला सरकला आणि त्याच्या जागी पाण्यात गोल आभाळ दिसलं. त्या आभाळात एक माणूस वाकला. डोक्याला फडकं, गालाची हाडं वर आलेली, तोंड थोडं उघडं. तो खाली बघत होता. अडीच सेकंद. मग पुन्हा पत्रा, पुन्हा पांढरा उजेड.

फादी म्हणाला, “या अल्ला.” इतकी वर्षं मी पडद्यावर उजेड बघतोय, पण उजेड धरणारा माणूस त्याच उजेडात दिसलेला मी कधी बघितला नव्हता.

दोन दिवसांनी मरियम आईला घेऊन आली. आई साठीच्या पुढची, अंगात काळा पायघोळ अबाया, चालताना मुलीच्या हाताचा आधार. घरात बाकी सगळे गोरे असावेत, कारण मरियम चांगली गोरी आहे. आई मात्र गडद सावळी, जवळजवळ काळी. मी शॉट लावायच्या आधी फादी माझ्या कानाशी वाकला.

“हबीबी, ओल्ड लेडी आहे. तिला कसं दिसणार? फक्त तिच्यासाठी थोडं वर घे.”

माझा हात नॉबवर होताच. खोटं कशाला सांगू, मलाही तेच वाटलं होतं. म्हाताऱ्या बाईचे डोळे, अडीच सेकंद, दोन पॉइंटने काय बिघडतं? पॉइंटर खलफानच्या गालावर ठेवून मी आकडा बघितला. तीनशे नव्वद. मी हात काढून मांडीखाली घेतला आणि प्ले केलं.

पहिल्यांदा तिला कळलं नाही. दुसऱ्यांदा मरियमने बोट दाखवलं. तिसऱ्यांदा ती उठली आणि मॉनिटरच्या अगदी जवळ जाऊन उभी राहिली. “पुन्हा,” ती अरबीत म्हणाली. मी पुन्हा लावलं. मग मी चेहऱ्याची फ्रेम थांबवून ठेवली. तिने अबायाची बाही कोपरापर्यंत वर केली आणि आपला हात पडद्यावरच्या चेहऱ्याशेजारी धरला. हात आणि गाल एका रंगाचे होते.

ती मुलीकडे वळून भराभर काहीतरी बोलली. मरियमचं हिंदी उत्तम आहे, लहानपणापासून हिंदी सिनेमे बघून झालेलं. ती रडत होती, तरी तिने मला हिंदीत सांगितलं. “अम्मी कह रही है, बचपन में सब पूछते थे, ये काली किस पे गई? नानी बोलती थी, अपने बाप पे. अम्मी को लगता था, नानी ने सिर्फ दिल रखने के लिए बोला है.”

आई अजून हात धरून उभी होती. मला एवढंच सुचत होतं की माझ्या पहिल्या स्कॅनमध्ये हा चेहरा नव्हता. आणि आता मी दोन पॉइंट वर घेतले असते, तर चेहरा असता आणि हा रंग नसता.

व्रेडेंना मी त्याच दुपारी फोन केला. त्यांनी काही विचारायच्या आधीच मी आकडे वाचले. दूरचा सालेम: पंच्याण्णव. भिंत: नव्वद. जवळचा सालेम: चारशे. पाण्यातला खलफान: तीनशे नव्वद.

“तो वाकला?” त्यांनी विचारलं.

“वाकला, सर. तुम्ही ठीक आहात ना बघायला.”

“ठीक,” ते म्हणाले. “आता फिल्म झाली.”

श्रेयनामावली तेवढी राहिली होती. मी म्हटलं, सर, तुमचं नाव पहिल्यांदाच लागणार, कसं लिहू? दिग्दर्शन आणि छायाचित्रण, हाइनर व्रेडे, पूर्ण पडदाभर? ते म्हणाले, दिग्दर्शन लिहा. छायाचित्रणाला दोन नावं येतील. मी म्हटलं, दुसरं कोणाचं? ते जरा वैतागलेच. म्हणाले, लेन्स मी धरली होती, उजेड कोणी धरला होता? त्याचं वर, माझं खाली.

तसंच लिहिलं आहे. अल ऐनला एका सभागृहात फिल्म दाखवली तेव्हा अंधार जास्त आहे, प्रोजेक्टर बिघडलाय का, असं दोन पाहुण्यांनी मागे येऊन विचारलं. फादीने त्यांना सांगितलं, प्रोजेक्टर उत्तम आहे, तुम्ही बसा आणि थोडं थांबा. आमच्या धंद्यात मी वीस वर्षं शिकलो त्यापेक्षा या कामात जास्त शिकलो, पण ते शिकवायला एक वाक्य पुरतं. नव्या मुलांना मी आता पहिल्याच दिवशी सांगतो: काळं दिसलं की लगेच उजळायला धावू नका, आधी विचारा तिथे कोण आहे.